पटकथाकार तेंडुलकर : आपण त्यांना नीट पाहिलंय का?

तिसरी घंटा

विजय तेंडुलकरांवर कुठेही बोलणं निघालं की 'शांतता! कोर्ट चालू आहे', 'गिधाडे', 'सखाराम बाइंडर' आणि 'घाशीराम कोतवाल' यांच्यापलीकडे गाडी जात नाही. सिनेमे एका ओळीत उरकतात. मला हे पटत नाही, म्हणून हा धागा.

नुसती वर्षं लावून बघा. 1975 मध्ये 'निशांत' आणि 'सामना', 1976 मध्ये 'मंथन', 1979 मध्ये 'सिंहासन', 1980 मध्ये 'आक्रोश', 1982 मध्ये 'उंबरठा', 1983 मध्ये 'अर्धसत्य'. जेमतेम आठ-नऊ वर्षांत एकाच माणसाच्या हातून हे सगळं उतरलं. शिवाय त्याच काळात 'कमला' आणि 'कन्यादान' रंगभूमीवर आली. एखाद्याने फक्त ही पटकथांची यादी केली असती तरी त्याला आपण मोठा लेखक म्हटलं असतं.

माझा दावा असा. तेंडुलकरांची नाटकं बहुतेक घरात घडतात. सखारामचं घर, 'गिधाडे'तलं पितळ्यांचं घर, 'कन्यादान'मधलं पुण्यातलं देवळालीकरांचं घर, 'कमला'मधलं दिल्लीतल्या पत्रकाराचं घर. 'शांतता' घरात नाही, पण चार भिंतींच्या हॉलमध्ये आहे आणि तिथल्या लुटुपुटूच्या खटल्यात आरोपी केलेल्या बेणारे बाईंना दारातून बाहेर पडता येत नाही. सिनेमा मिळाला तेव्हा हाच लेखक जमीनदाराच्या गावात गेला, दूध सोसायटीत गेला, साखर कारखान्याच्या पट्ट्यात, आदिवासी पाड्यावर, मंत्र्यांच्या केबिनमध्ये आणि पोलीस ठाण्यात गेला. घरातली हिंसा त्यांनी नाटकात मांडली आणि व्यवस्थेतली सिनेमात. त्यामुळे पटकथा बाजूला ठेवून तेंडुलकर वाचणारा अर्धेच तेंडुलकर वाचतो, असं मी म्हणतो.

तुम्हाला काय वाटतं?

विंगेतून

'घाशीराम' विसरलात? ते कुठल्या घरात घडतं?

तिसरी घंटा

विसरलो नाही, 'बहुतेक' म्हटलंय. 'घाशीराम' अपवाद आहे आणि फार मोठा अपवाद आहे. पण तिथे अख्खं पुणं उभं करायला ब्राह्मणांची मानवी भिंत, कीर्तन, दशावतारी, लावणी हे सगळं कामाला लावावं लागलं.

जुना पिटातला

चांगला विषय. पण मूळ दाव्याशी मी सहमत नाही.

'निशांत' आणि 'मंथन' हे श्याम बेनेगलांचे सिनेमे आहेत. 'मंथन'ची कथाच मुळी बेनेगल आणि वर्गीस कुरियन यांची. पाच लाख शेतकऱ्यांनी दोन-दोन रुपये घालून तो सिनेमा उभा केला. 'सिंहासन' अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्यांवर, 'उंबरठा' शांता निसळ यांच्या 'बेघर'वर, 'अर्धसत्य' श्री. दा. पानवलकरांच्या 'सूर्य' या कथेवर. म्हणजे गाव, मंत्रालय, पोलीस ठाणं हे सगळं आधी दुसऱ्या कुणीतरी पाहिलेलं होतं. तेंडुलकरांनी त्याला बांधणी दिली. ते कौशल्याचं काम आहे, मी कमी लेखत नाही. पण 'सखाराम' कुणी त्यांच्याकडे घेऊन आलं नव्हतं. तो त्यांच्या आतून आला. हा फरक पुसून टाकायचा का?

दुसरं म्हणजे 'निशांत' आणि 'आक्रोश'चे संवाद सत्यदेव दुबेंचे, 'मंथन'चे कैफी आझमींचे, 'अर्धसत्य'चे वसंत देवांचे. ज्या माणसाची ओळखच अर्ध्यावर तुटणाऱ्या बोलण्यासाठी, ज्याचं एकेक टिंब नटांनी पाठ केलं, त्याच्या सिनेमात त्याचे शब्दच नाहीत! मग त्या सिनेमांत तेंडुलकर शोधायचे कुठे?

वामकुक्षी

जुना पिटातला यांना +१. वाद रंगणार, चहा टाकून येतो.

नीरजा नागपूरकर

@जुना पिटातला, शब्द नाहीत म्हणून तर शोधायला सोपे आहेत. संवाद काढून घेतल्यावर पटकथेत जे उरतं ते त्यांचं.

'आक्रोश' घ्या. लहान्या भिकूवर बायकोच्या खुनाचा आरोप आहे आणि तो वकिलाशी एक शब्द बोलत नाही. अख्खा सिनेमा आरोपीच्या गप्प राहण्यावर उभा करायचा हा निर्णय पटकथेचा आहे. नाटकात हे जवळपास अशक्य. मुख्य पात्र दोन अंक गप्प बसलं तर नाट्यगृहात माणूस चुळबुळ करतो, कारण शेवटच्या रांगेतून लहान्या झालेल्या ओम पुरींचे डोळे दिसत नाहीत. कॅमेरा त्या डोळ्यांपर्यंत जाऊ शकतो हे ज्याला कळलं त्याने ते लिहिलं.

आणि तो शेवट. बापाच्या अंत्यविधीला त्याला पोलीस घेऊन येतात. आपल्यामागे बहिणीचं काय होणार हे त्याला समोर उभ्या माणसांच्या नजरेत दिसतं. तो कुऱ्हाड उचलून बहिणीलाच मारतो आणि तेव्हा पहिल्यांदा त्याचा आवाज फुटतो, तोही शब्द नसलेला. हे पानावर एक-दोन वाक्यांत मावतं. मी शिकवते त्या मुलांना हा सिनेमा दाखवला की त्यानंतर थोडा वेळ कुणी बोलत नाही. मग पहिला प्रश्न हमखास येतो, 'मॅडम, त्याने तिला का मारलं?' त्या प्रश्नावर आमचा पुढचा तास जातो आणि बलात्कार, ठेकेदार, जंगल खातं, राजकारण सगळं त्यातून निघतं.

सई क.

नीरजाताई, अगदी. मी तो शेवट दुसऱ्यांदा पाहू शकलेले नाही.

पंचगंगाकाठ

आमच्याकडचा सिनेमा म्हणजे 'सामना', त्यामुळं बोलल्याशिवाय राहवत नाही.

लहानपणी आमच्या गावात पडद्यावर दाखवला होता. समोर बसलेल्यांत कारखान्याचे सभासद, सोसायटीचे चेअरमन, ऊसतोडीवाले सगळे. त्यातला मास्तर सारखा गावातनं गायब झालेल्या मारुती कांबळेचं काय झालं ते विचारतोय आणि पडद्यासमोर कुणी हसत नाही. प्रत्येकाला आपापल्या गावातला एक मारुती कांबळे ठाऊक होता.

पण एक गोष्ट खरी बोलतो. गावात तेव्हाही काही लोक म्हणाले आणि आजही म्हणतात की हा शहरातल्या माणसानं बघितलेला गाव आहे. कारखाने, दूध संघ, शाळा-कॉलेजं यातनं आमच्या पिढीला जे मिळालं ते या सिनेमात नाही. सहकारातला माणूस म्हणजे खुनी पाटील, एवढंच शहराच्या डोक्यात बसलं. ही तक्रार मला उडवून लावता येत नाही.

तरीपण हिंदुराव धोंडे पाटील हा नुसता खलनायक नाही, आणि तिथं लेखक दिसतो. त्याला त्या दारुड्या मास्तरबद्दल मनापासून ओढ वाटते. एका म्हाताऱ्या स्वातंत्र्यसैनिकाला तो उचलून घरी आणतो, पाजतो, खायला घालतो. त्याला आपलं साम्राज्य कुणालातरी दाखवायचंय, कुणीतरी चांगल्या माणसानं 'बरं केलंस' म्हणायला हवंय. निळूभाऊंनी, म्हणजे निळू फुल्यांनी, ते काय केलंय! नजर मास्तरावर, आणि हात खाली काहीतरी चाळवतोय. आमच्यातल्या कितीतरी पुढाऱ्यांना मी तसंच बसलेलं बघितलंय. शहरात बसून हे सुचलं असेल तर त्या माणसाला सलाम.

जुना पिटातला

@पंचगंगाकाठ, उत्तम लिहिलंत. आणि 'सामना'बाबत माझा आक्षेप नाही, कारण ती गोष्टही त्यांची आणि संवादही त्यांचे. तो सिनेमा 1975 मध्ये बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेत होता. रामदास फुटाणे निर्माते. जब्बार पटेलांचा पहिलाच सिनेमा.

निळूभाऊंचं नाव निघालं म्हणून थोडं अवांतर. 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्यातला हा नट, 1968 च्या 'एक गाव बारा भानगडी'नंतर सिनेमावाल्यांनी त्याला सरपंच-पाटलाच्या साच्यात कोंबला. तेंडुलकरांच्या लेखणीतून त्यांच्या वाट्याला आला सखाराम, मग हिंदुराव, मग 'सिंहासन'मधला पत्रकार दिगू टिपणीस. तीन टोकांची तीन माणसं. शिवराळ बुकबाइंडर, सत्तेतला पाटील आणि सत्तेकडे नुसता बघत राहणारा वार्ताहर. एका नटाच्या आयुष्यात एका लेखकाने इतकं दिल्याचं उदाहरण मराठीत मला दुसरं आठवत नाही. या एका मुद्द्यावर मी धागाकर्त्याच्या बाजूचा.

विंगेतून

डॉ. श्रीराम लागूंचंही धरा की मग. 'गिधाडे'तला रमाकांत, 'सामना'तला मास्तर, 'सिंहासन'मधले विश्वासराव दाभाडे.

'गिधाडे'चा किस्सा इथल्या नव्या लोकांना माहीत नसेल. त्या घरातल्या मुलीच्या, माणिकच्या साडीवर रक्ताचा डाग दिसतो, त्याला परिनिरीक्षण मंडळाने, म्हणजे नाटकांच्या सेन्सॉरने, हरकत घेतली. लाल डाग चालणार नाही. मग डाग निळा केला आणि प्रयोगाआधी प्रेक्षकांना सांगितलं की हा निळा डाग तुम्ही लाल समजा. सगळ्या थिएटरला तो लाल दिसला असणार, आणि नेहमीपेक्षा जास्त लाल.

तर यावरून माझा मुद्दा. 'गिधाडे' लिहिलं 1961 च्या सुमारास आणि रंगमंचावर आलं 1970 मध्ये. 'सखाराम'साठी दिग्दर्शक कमलाकर सारंगांना कोर्टात लढावं लागलं. 'घाशीराम'वरून किती वाद झाला ते सगळ्यांना माहीत आहे. नाटकवाल्या तेंडुलकरांचं अर्धं आयुष्य नाटक लिहून झाल्यानंतरच्या मारामाऱ्यांत गेलं. सिनेमात त्यांच्या वाट्याला हे फार कमी आलं. 'निशांत'चा शेवट बघा. गाव उठतं आणि जमीनदारांबरोबर त्या पळवलेल्या बाईलाही ठार करतं, जिच्यासाठी उठाव झाला तिलाच. हे नाटकात केलं असतं तर पहिल्या प्रयोगाला मोर्चा आला असता. सिनेमा कानच्या स्पर्धेत गेला. मला वाटतं त्यांना सिनेमात एक मोकळीक मिळाली आणि ते तिकडे वळण्यामागे हेही एक कारण असावं.

नीरजा नागपूरकर

'निशांत'च्या शेवटाचा उल्लेख केलात ते छान झालं. 1973 ते 75 या काळात तेंडुलकर नेहरू फेलोशिपवर समाजातल्या हिंसेचा अभ्यास करत होते. 'निशांत', 'सामना', 'मंथन' नेमके त्याच्या लगोलगचे आहेत. पिचलेला माणूस उठला की तो न्यायच करेल, असं तेंडुलकर मानत नाहीत. जमाव हाताला लागेल त्याला मारतो. तेव्हाच्या सामाजिक सिनेमात हे म्हणायला धाडस लागत होतं, कारण सगळ्यांना क्रांतीचा शेवट हवा होता.

@जुना पिटातला, तुमच्या पहिल्या प्रतिसादाला हे माझं खरं उत्तर. गोष्ट कुणाचीही असो, माणसांच्या आतली हिंसा कुठून येते हा प्रश्न त्या सगळ्या सिनेमांत तोच आहे. वेलणकरचं बघा. 'अर्धसत्य'मधला सब-इन्स्पेक्टर अनंत वेलणकर. बाप हवालदार, आईला मारणारा. पोरगा पुढे शिकायचं म्हणतोय, बाप त्याला जबरदस्तीने खात्यात घालतो. मोठेपणी तोच मुलगा कोठडीत एका आरोपीला मरेस्तोवर मारतो. सिनेमातला गुंड रामा शेट्टी, त्याचा त्या माराशी काही संबंध नाही. तो राग घरातून आलाय. म्हणजे ज्याला धागाकर्ते 'घरातली हिंसा' म्हणतात ती आणि 'व्यवस्थेतली' वेगवेगळ्या नाहीतच. तेंडुलकरांनी त्या जोडून दाखवल्या.

तिसरी घंटा

@नीरजा, हे माझ्या मांडणीपेक्षा पुढचं आहे. आवडलं.

वामकुक्षी

'अर्धसत्य'मध्ये वेलणकरची मैत्रीण ज्योत्स्ना त्याला दिलीप चित्र्यांची कविता वाचायला लावते तो प्रसंग. तो सहज म्हणून मोठ्याने वाचायला लागतो आणि वाचता वाचता चेहरा बदलत जातो. पोलिसाच्या हातात कविता द्यायची! भल्याभल्या लेखकांची हे लिहायची छाती झाली नसती, प्रेक्षक हसतील म्हणून. कुणी हसलं नाही.

बाकी सदाशिव अमरापूरकर हा मराठी नाटकातला नट रामा शेट्टी म्हणून देशभर पोचला, तोही याच सिनेमातून.

माईआजी

तुम्हा सगळ्यांचं वाचते आहे. मी 'शांतता'चा प्रयोग सुलभा देशपांडे असताना पाहिलेला आहे आणि 1971 साली सत्यदेव दुबेंनी केलेला सिनेमाही. म्हणून थोडं सांगते.

सिनेमा प्रामाणिक होता. पण नाटकात बेणारे जेव्हा शेवटी बोलायला लागते तेव्हा बाकीचे सगळे पुतळ्यासारखे थिजतात आणि तिचं बोलणं फक्त आपल्यापर्यंत येतं. आपण अंधारात बसलेलो असतो, आपणही त्या कोर्टातलेच असतो. माझ्या शेजारी एक बाई बसल्या होत्या, अनोळखी. त्यांनी माझा हात धरला होता. ते सिनेमात होत नाही. तिथे आपण सुटतो.

म्हणून मला वाटतं स्वतःच्या नाटकाचा सिनेमा करणं आणि सिनेमासाठी वेगळं लिहिणं या दोन गोष्टी एकत्र करू नयेत. 'शांतता' आणि 'कमला' हे सिनेमे त्या नाटकांपुढे उणे पडले. 'आक्रोश', 'सामना' मुळातच सिनेमे होते, म्हणून उभे राहिले.

आणि 'उंबरठा'बद्दल कुणीच काही बोललं नाही याचं नवल वाटलं.

सई क.

माईआजी, नमस्कार. तुमचा प्रतिसाद जपून ठेवते आहे.

'उंबरठा'बद्दल मी बोलते. बेणारेला बाहेर जाता येत नाही, लक्ष्मी जाते आणि सखारामकडेच परत येते, 'कमला'तली सरिता तर घरात राहून कळतंय ते गिळते. 'उंबरठा'तली सुलभा महाजन मात्र खरंच निघते. सासर, नवरा, लहान मुलगी सोडून सुधारगृहाची नोकरी धरते. तिथून हरून परत येते, घरात तिची जागा उरलेली नाही हे बघते आणि पुन्हा निघते. दुसऱ्यांदा निघणं महत्त्वाचं आहे. पहिल्यांदा ती ध्येयासाठी निघालेली असते. दुसऱ्यांदा कसलंच ध्येय हातात नसतं.

आणखी एक. 1981 च्या 'मित्राची गोष्ट'मध्ये त्यांनी एका मुलीचं मुलीवरचं प्रेम मध्यभागी ठेवलं, आणि 'उंबरठा'तही सुधारगृहातल्या दोघींचं नातं येतं. इतक्या लवकर, मराठीत, आणि चेष्टा न करता.

कोरी पानं

नमस्कार. मी इथे नेहमी वाचतो, लिहितोय पहिल्यांदा. माझा प्रश्न थोडा स्वार्थी आहे.

मी एकांकिका लिहितो, पुरुषोत्तम करंडक एकांकिका स्पर्धेसाठी लिहिल्या आहेत, एक दोन अंकी नाटक लिहून तयार आहे. नाटकाला निर्माता मिळत नाही. मध्यंतरी एका मालिकेवर काम केलं. रोज सकाळी भागाचा आराखडा यायचा आणि संध्याकाळपर्यंत संवाद द्यायचे. पैसे वेळेवर मिळाले नाहीत आणि माझं नाव शेवटपर्यंत श्रेयनामावलीत आलं नाही. आता एक दिग्दर्शक सिनेमा लिहायला बोलावतो आहे. वरची चर्चा वाचून वाटलं की तेंडुलकरांना हे जमलं कारण ते तेंडुलकर होते, त्यांच्याकडे बेनेगल आणि 'आक्रोश', 'अर्धसत्य'चे दिग्दर्शक गोविंद निहलानी चालत येत होते. आमच्यासारख्याने नाटक सोडून तिकडे गेलं तर परत येता येतं का?

विंगेतून

@कोरी पानं, स्वागत. प्रश्न स्वार्थी नाही, कामाचा आहे.

आधी व्यवहाराचं. स्क्रीनरायटर्स असोसिएशनचे सभासद व्हा आणि संहिता दिग्दर्शकाला पाठवण्याआधी तिथे नोंदवा. करार लेखी हवा. कथा, पटकथा आणि संवाद यातलं तुम्ही काय देताय आणि श्रेय कशाचं मिळणार, हे त्यात वेगवेगळं लिहून घ्या. 2012 मध्ये कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली, त्यानंतर लेखकाचा रॉयल्टीचा हक्क निर्मात्याला सरसकट लिहून घेता येत नाही. हे बहुतेक नव्या लेखकांना माहीत नसतं आणि समोरचा सांगत नाही.

आता परत येण्याचं. महेश एलकुंचवारांनी 'पार्टी' आणि 'होळी' या आपल्याच नाटकांवरचे सिनेमे लिहिले, दोन्ही 1984 चे, आणि त्यानंतर 'वाडा चिरेबंदी' लिहिलं. प्रशांत दळवी 'चारचौघी' लिहितात आणि 'बिनधास्त'ही. परेश मोकाशी नाटकातून 'हरिश्चंद्राची फॅक्टरी'कडे गेले. इरावती कर्णिक नाटकं लिहिता लिहिता 'झिम्मा' लिहितात. रस्ता दोन्हीकडून वाहता आहे.

पंचगंगाकाठ

आणि वसंत सबनीस! त्यांना विसरून कसं चालंल? 'विच्छा माझी पुरी करा' त्यांचं, दादा कोंडक्यांचा 'सोंगाड्या' त्यांचा, आणि 'अशी ही बनवाबनवी'चे संवाद त्यांचेच. तुम्ही सगळे मोठमोठ्या हिंसेवर बोलताय, पण महाराष्ट्रात कुठल्याही लग्नाच्या पंगतीत उभं राहून एक वाक्य टाका, बाकीची दहा माणसं पुढची वाक्यं म्हणून दाखवतील. लोकनाट्याच्या बोलण्यावर तयार झालेला कान होता म्हणून ते जमलं.

वामकुक्षी

पंचगंगाकाठ यांनी मनातलं लिहिलं. आणि त्याआधी आचार्य अत्रे. मास्टर विनायकांसाठी 'ब्रह्मचारी', 'ब्रँडीची बाटली', आणि मग 'श्यामची आई', राष्ट्रपतींचं पहिलं सुवर्णपदक. विनोदी नाटकं लिहिणाऱ्या माणसाने महाराष्ट्राला रडवलं. पुलंनी तर 'गुळाचा गणपती'त लिहिणं, दिग्दर्शन, संगीत आणि अभिनय सगळं एकट्याने केलं. आपल्याकडे नाटककार सिनेमात जाणं ही जुनी वहिवाट आहे.

जुना पिटातला

अवांतर फार लांबलं तरी गोड आहे. पण @कोरी पानं यांना थोडा वेगळा सल्ला देतो.

तेंडुलकर सिनेमात गेले तेव्हा चाळिशी ओलांडलेले होते. त्याआधी वर्तमानपत्रांतली नोकरी, सदरं, एकांकिका, 'रंगायन' ही नाट्यसंस्था, नाटकं असा मोठा पल्ला झाला होता. बेनेगल चालत आले ते त्या पल्ल्यामुळे. तुमचं दोन अंकी नाटक निर्मात्यासाठी थांबवू नका. गावातली हौशी संस्था, राज्य नाट्य स्पर्धा, महाविद्यालयाचं सभागृह, कुठेही उभं करा. 'घाशीराम' कुणा व्यावसायिक निर्मात्याने केलं नव्हतं, पुण्याच्या प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशनने 1972 मध्ये केलं. त्याचा दिग्दर्शक पेशाने डॉक्टर होता, आणि तोच पुढे 'सामना'चा दिग्दर्शक झाला. तुमची माणसं तुम्हाला अशाच तालमींत भेटतील.

कोरी पानं

मनापासून आभार. कराराचं लगेच बघतो. गावातल्या संस्थेचं सभागृह पावसाळ्यात रिकामंच असतं, उद्या विचारतो.

नीरजा नागपूरकर

मूळ प्रश्नाकडे येते, कारण एक गोष्ट मला बरेच दिवस छळते आहे आणि ती इथेच मांडता येईल.

'कन्यादान' 1983 चं. त्यातला दलित कवी अरुण आठवले बायकोला, नाथ देवळालीकरच्या मुलीला, ज्योतीला मारतो. त्या नाटकावर दलित चळवळीतून कडाडून टीका झाली. ती टीका मला बऱ्याच अंशी पटते. पुढे त्याच नाटकासाठी सरस्वती सन्मान मिळाला तेव्हा तेंडुलकरांनी याच नाटकापायी आपल्यावर चप्पल फेकली गेल्याचं सांगितलं होतं. अरुण रंगमंचावर भरपूर बोलतो. स्वतःबद्दल, सवर्णांबद्दल, भुकेबद्दल. तरी तो मला आतून कळत नाही, तो देवळालीकरांच्या डोळ्यांनी पाहिलेला वाटतो.

त्याच्या तीन वर्षं आधीच्या 'आक्रोश'मध्ये दुसाने आहे, अमरीश पुरींनी केलेला सरकारी वकील. स्वतः आदिवासी. शिकून वर आलेला, क्लबात पत्ते कुटणारा, व्यवस्थेच्या बाजूने खटला चालवणारा. त्याच्या घरी निनावी फोन येतात, जातीवरून शिव्या घालणारे. तो ऐकतो. रिसीव्हर ठेवतो. पुन्हा फायली उघडतो. कुणाजवळ बोलत नाही, आपल्या लाडक्या शिष्याजवळही नाही. तो लहान्यासारखाच मुका आहे, फक्त त्याच्या अंगावर काळा कोट आहे. अपमान गिळून त्याच व्यवस्थेचं काम चोख करणारा माणूस इतक्या कमी शब्दांत मी दुसरीकडे पाहिलेला नाही.

एकच लेखक. जिथे पात्राला बोलायची पूर्ण मुभा दिली तिथे त्याला ते नीट पकडता आलं नाही, आणि जिथे संवाद दुसऱ्याच्या हाती होते तिथे पकडलं. पटकथेचं काम दुय्यम असतं तर हे झालं नसतं.

जुना पिटातला

दुसानेचं तुम्ही म्हणता ते बिनतोड आहे. अरुणबद्दल मात्र वाद घालेन. अरुण आतून कळत नाही, कारण नाटक अरुणचं नाहीच, ते नाथ देवळालीकरच्या भाबड्या आदर्शवादाचं आहे. नाथ स्वतःच्या मुलीचा प्रयोग करतो आणि मग जावयाच्या पुस्तकावरच्या समारंभात खोटं भाषण करतो. तो प्रसंग वाचा. मध्यमवर्गीय समाजवादी माणसाची इतकी निर्दय उलटतपासणी कुठल्याही सिनेमात त्यांनी केलेली नाही. आमच्या पिढीला ते भाषण ऐकताना खुर्चीत बसवत नव्हतं.

नीरजा नागपूरकर

नाथबद्दल मान्यच आहे. पण त्या उलटतपासणीची किंमत अरुणला का मोजावी लागली, हा माझा प्रश्न तसाच राहतो.

माईआजी

दोघांचंही वाचून 'कन्यादान' पुन्हा काढलं आहे कपाटातून. चष्मा लावून रात्री बसते.

तिसरी घंटा

मूळ दावा थोडा बदलून मांडतो, तुम्हा सगळ्यांमुळे. घर आणि व्यवस्था अशी वाटणी करण्यापेक्षा असं म्हणतो की नाटकात तेंडुलकर माणसांना बोलायला लावून उघडं पाडतात आणि सिनेमात त्यांना गप्प ठेवून. पहिल्यासाठी त्यांना पद्मभूषण मिळालं असं लोक समजतात. दुसऱ्यासाठी 'मंथन'ला पटकथेचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता, हे मात्र कुणाला आठवत नाही.

विद्यापीठांत 'शांतता'ची संहिता लावतात तशी 'आक्रोश'ची पटकथाही लावायला हवी. नीरजाताई, तुम्ही शिकवता त्या अभ्यासक्रमात ती अधिकृतपणे आहे की तुम्ही आपल्या मनाने दाखवता?

नीरजा नागपूरकर

माझ्या मनाने. अभ्यास मंडळाच्या पुढच्या बैठकीत मांडणार आहे. नाटकाच्या पेपरला पटकथा कशी लावणार, अशी हरकत येईल हे माहीत आहे.

जुना पिटातला

हरकत घेणारा पहिला मी असतो. पण दुसानेवरचा वरचा परिच्छेद तेवढा टिपणात जोडा. मग घेणार नाही.